सायबाचं लोणचं

बहात्तर सालच्या त्या दुष्काळात माझे पाय घरात ठरत नव्हते. सकाळी उठलं की टॉवेल खांद्यावर टाकायचा आणि फाट्यावर जायचं. राहुरीवरून नगरला जाणारी लाल एस.टी. तिथं थांबायची. मला कुठं जायचं नसायचं, पण गाडी दिसली की मी उठून उभा राहायचो. कंडक्टर दारातून विचारायचा, "चढतो का रं?" मी नाही म्हणून मान हलवायचो, तो घंटीची दोरी ओढायचा आणि गाडी माझ्या तोंडावर धूळ फेकून निघून जायची. मग घरी. घरून मळ्यात. मळ्यातून पुन्हा फाट्यावर. आई म्हणायची, "ह्याच्या पायाला भिंगरी बांधलीया कुनीतरी." ती भिंगरी मला घेऊन कुठं गेली तेवढं लिहून ठेवतो. माझी शाळा चौथीत सुटली. लिहिणं वाकडंतिकडं असेल, ते ज्याला खुपेल त्यानं वाचू नये.

आमचा मळा राहुरीजवळच्या देवळालीच्या वरच्या अंगाला, चढावर. कालव्याचं पाणी खाली जायचं, चढून आमच्याकडं यायचं नाही. त्यामुळं खाली उसाचं हिरवं रान दिसायचं आणि वर आमची मोसंबीची बाग पिवळी पडत चाललेली. दुष्काळ डोळ्यांना दिसतो असं लोक म्हणतात, मला तो आधी कानाला कळला. विहिरीवरचं ऑइल इंजिन मला कळायला लागल्यापासून दिवसभर टुकटुकत असायचं. पाणी आटलं, इंजिन थांबलं, आणि मळ्यात अशी शांतता पसरली की दादांचा, म्हणजे वडिलांचा, खोकला पार बांधावरून ऐकू यायचा. त्या शांततेत लांबून एकच आवाज, माळावर दुष्काळी कामावर खडी फोडणाऱ्या हातोड्यांचा. आई जायची तिकडं. दुपारी सुकडी, म्हणजे सरकारी कोरडा खाऊ, मिळायची ती पदरात बांधून आणायची. घरी रेशनच्या लाल मिलो ज्वारीच्या भाकरी, थापताना चिरायच्या आणि खाताना घशाला लागायच्या. तोंडी लावायला काही नाही. कैऱ्या त्या साली धरल्याच नाहीत, तेल आणायची सोय नव्हती, म्हणून लोणच्याच्या बरण्या फडताळात उपड्या पडलेल्या. मीठ आणि वाटलेली मिरची. मीठ तेवढं भरपूर होतं.

मी खडी फोडायला गेलो नाही. बागाईतदाराचा पोरगा मी, कालपरवापर्यंत आमच्या मोसंब्याच्या पेट्या रेल्वेनं मुंबईला जायच्या, आणि आता माळावर हातोडा घेऊन ओळीनं बसायचं हे माझ्यानं झालं नाही. आई गेली ते चाललं आणि मी गेलो नाही, ह्यावर वाचणाऱ्यानं काय म्हणायचं ते म्हणावं. आईनं मला एकदाही बोलून दाखवलं नाही, मग दुसऱ्या कुणाचं मी का ऐकू?

सायमन मामा आमच्याच गावचे, ख्रिस्ती. नगरला पलटणीच्या मेसमध्ये सायबांचा स्वयंपाक करण्यात त्यांचा जन्म गेला. पेन्शनीत निघाले तरी नाताळ जवळ आला की मेसवाले त्यांना बोलावून घ्यायचे. गावच्या नात्यानं ते आईला आक्का म्हणायचे आणि आई त्यांना भाऊ म्हणायची, पण त्यांचा चहाचा कप वेगळा, वळचणीच्या फळीवर पालथा असायचा. ते स्वतःच तो काढून घ्यायचे आणि चहा झाला की धुऊन तिथंच ठेवायचे. तेव्हा मला त्यात काही वेगळं वाटलं नाही. आता वाटतं, पण आता बोलायला ना आई आहे ना मामा.

एका दुपारी ते मळ्यात आले. झाडाखाली मोसंबी गळून पडली होती, लिंबाएवढी, दगडासारखी घट्ट. मामांनी एक उचललं.

"रस न्हाई मामा त्यात," मी म्हणालो. "नुसतं चिपाड. व्यापारी हात लावीना."

मामांनी नखानं साल खरवडली आणि नाकाशी धरली. मग माझ्या नाकाशी आणली. "रस कोन मागतंय? पान्याबिगर तगलेल्या झाडाचं समदं तेल सालीत उतरलंय. घे वास."

घेतला. डोळ्यांत झणकन पाणी आलं. मामा मग बांधावर बसून सांगायला लागले. मेसमध्ये सायबलोक जेवण झाल्यावर बोटभर उंचीच्या ग्लासात एक चीज पितात. मोसंबीची साल, लिंबाची साल, खडीसाखर, आणि वर पांढरी रम. बरणीत मुरवायची, रोज हलवायची. गोरे होते तेव्हापासून चालत आलेलं. हे सगळं सांगून झाल्यावर म्हणाले, "मेसमधी एक जागा हाय, कूकच्या हाताखाली. हवालदार म्हनला, मानूस आन, पन त्याचा हात दाव मला. तर तू बरणी घाल. तुज्या हातची. चांगली उतरली की तू नगरला."

"आन् न्हाई उतरली तर?"

"मग खडी हायच की."

माझ्या कानात एस.टी.ची घंटी वाजली. पण दुसऱ्या क्षणी हात गळ्याकडं गेला. लहानपणी मी तापानं जायला लागलो होतो, तेव्हा आईनं पांडुरंगाला नवस बोलून माझ्या गळ्यात तुळशीची माळ घातली. बरा झाल्यावर माझा हात तुळशीवर ठेवून वदवून घेतलं, मांस खाणार नाही, दारू जिभेला लावणार नाही. आईच्याही गळ्यात माळ, दादांच्याही.

"मामा, माळ हाय," मी म्हणालो.

"आरं, पी म्हनलं का मी तुला? माजा वस्ताद नाकानंच करायचा. साल कवडीवानी कडक झाली, रंग उतरला, वास गोड आला की झालं. तुला चाखायची गरज न्हाई."

मी विचार केला आणि ठरवलं. करणं वेगळं, पिणं वेगळं. आजही माझं मत तेच आहे.

अडचण जागेची होती. मामांची खोली पत्र्याची, दुपारी तिच्यात बरणी ठेवली तर उकळून निघेल. आमचं घर मातीचं, गार. म्हणजे बरणी आमच्याच फडताळात ठेवावी लागणार, आईच्या नाकासमोर. तेव्हा मी आईला सांगितलं की मेसच्या सायबांसाठी लोणचं घालायचंय, मामांनी सांगितलेल्या रीतीनं, आणि ते जमलं तर मला तिथं चिकटवून घेणार आहेत. नोकरीचं ऐकल्यावर तिनं माहेरची चिनी मातीची बरणी, खाली पांढरी आणि वर तपकिरी, कापडानं आतून कोरडी पुसून माझ्यासमोर ठेवली. पण बोलल्याशिवाय राहिली नाही.

"बाप्याच्या हातचं लोनचं! आता काय बगायचं ऱ्हायलंय? मोहरी किती घेतलीस?"

"मोहरी न्हाई लागत."

"हाळद?"

"न्हाई. सायबाचं लोनचं हाय ते. साली आन् खडीसाखर."

"मग त्याच्या भाकरीला चव कशी येती?"

"सायब भाकर खात न्हाई आई."

"म्हनून तर राज्य गेलं त्येंचं," आई म्हणाली आणि कामावर निघून गेली.

साली मी मळ्यात बसून काढल्या. विहिरीच्या काठच्या दगडावर चाकूला धार लावली. साल कागदासारखी पातळ निघाली पाहिजे, आतला पांढरा भाग आला की सगळं कडू. पहिली काही फळं वाया गेली. मग हात बसला आणि साल सुटायला लागली, लांबच लांब, सापाच्या कातेसारखी. दादा लांबून बघत होते. बाग जगवायला ते उरलेलं सांडपाणी घागरीनं झाडांना घालायचे, एका झाडाला आज, दुसऱ्याला उद्या. कशाला चाललंय हे, असं त्यांनी विचारलं नाही. घागर खाली ठेवली, झाडांमधून हिंडले, आणि ज्यांची साल अजून तुकतुकीत होती अशी फळं निवडून माझ्या घमेल्यात आणून टाकली. परत घागर उचलली. दादांचं बोलणं असंच असायचं.

आई खडीवर गेलेली असताना मामा वर्तमानपत्रात गुंडाळून कँटीनच्या कोट्यातली बाटली घेऊन आले. मी श्वास कोंडून धरला आणि सालींवर, खडीसाखरेवर ती ओतली. तोंडाला फडक्याचा दादरा बांधला आणि बरणी फडताळात मागे सरकवली.

त्यानंतरचे दिवस माझे कसे गेले ते विचारू नका. आधी पाय ठरत नव्हते, आता मनही ठरेना. फाट्यावर बसलो की बरणी आठवायची आणि बरणीपाशी आलो की फाटा. आई घरात नसली की दादरा सोडायचा, वास घ्यायचा, हलवायची, बांधायचा. पहिल्यांदा नाकात सुई टोचल्यासारखं व्हायचं. मग हळूहळू धार गेली, गोडी आली. साली कडक झाल्या, पाणी सोनेरी झालं. एकदा बघतो तर तळाला पांढरं बसलेलं. खडीसाखर विरघळली नाही वाटतं, म्हणून मी बरणी कवेत घेऊन जोरजोरात हलवली. नाक माझं तयार झालं होतं, नाकाला सगळं बरोबर लागत होतं. पण मिठाला वास नसतो.

मामा नगरला पुढं गेले होते. त्यांनी एका ट्रकवाल्याबरोबर निरोप धाडला, बरणी घेऊन ये. मी धुतलेला सदरा घातला आणि फाट्यावर उभा राहिलो. कंडक्टरनं नेहमीसारखं विचारलं, "चढतो का रं?" आणि मी चढलो तसा तो चमकलाच. "आज चढला व्हय बाबा! कुनाचं लगीन?" नगर येईपर्यंत बरणी मांडीवर घट्ट धरून बसलो होतो. शेजारचा म्हातारा सारखा वास घेऊन म्हणत होता, "पावनं, संत्री हायेत जनू. येखादं द्या की."

मेसचं स्वयंपाकघर आमच्या अख्ख्या घरापेक्षा मोठं. पितळी पातेली अशी घासलेली की त्यांच्यात माझं तोंड मला दिसत होतं आणि ते मला आवडलं नाही. मोहिते म्हणून मेस हवालदार होते, साताऱ्याकडचे, मिशा वर वळवलेल्या. चुलीपाशी दोन कूक आणि मधोमध सायमन मामा, ॲप्रन बांधून, गावात दिसायचे त्यापेक्षा हातभर उंच. हवालदारांनी दादरा सोडला, वास घेतला आणि डोळे मिटले. "वा रं पठ्ठ्या," म्हणाले. माझी छाती फुगली. मग त्यांनी फडक्यातून थोडं एका इवल्या ग्लासात गाळलं, उजेडाकडं धरून बघितलं आणि तोंडात टाकलं.

ते सगळं मोरीत गेलं.

"खारट! सायमन, आरं मिठागरात बुडवून आनलीस का काय ही बरणी?"

कूक हसायला लागले. एक म्हणाला, "लोनचं हाय हवालदारसाहेब, पोळीबरुबर खा." मामांनी बोट बुडवून चाखलं आणि त्यांचा चेहरा पडला.

"नामा, मीठ घातलंस?"

"न्हाई."

"आरं, मग हे काय हाय?"

"म्या मीठ घातलेलं न्हाई."

"मंग चाखून बग की सोता," हवालदारांनी ग्लास माझ्यापुढं सरकवला. सगळे माझ्याकडं बघायला लागले. आतून मला ओरडून सांगावंसं वाटत होतं की कुणीतरी घात केलाय. नोकरी त्या ग्लासाच्या पलीकडं उभी होती, आणि मागं माळावर हातोडे. मी दोन्ही हात पाठीमागं घेतले.

"चाखनार न्हाई. माळ हाय."

"आरं थेंबभर."

"थेंबभर न्हाई."

"चाखत न्हाई तू कूक कसा हुनार लेका? तुज्या हातचं सायबानं खायचं कसं?"

"नका खाऊ म्हनावं."

मामांनी माझ्या बरगडीत कोपर मारलं. मी हललो नाही. माझा स्वभाव तसाच आहे. लोक मला हेकट म्हणतात, घरचे तर रोज म्हणतात.

हवालदारांनी मिशीवरून हात फिरवला. "कदीच घेतली न्हाईस?"

"न्हाई."

"शिमग्याला?"

"न्हाई."

"कुनी बगत नसताना?"

"मी असतो की बगायला."

ते मामांकडं वळले. "सायमन, ह्येला चुलीपाशी ठेवून काय करू? माज्या बाटल्यांच्या खोलीला मानूस लागतोय. जो ठेवावा तो म्हैन्यात डुलायला लागतो आन् बाटल्यांत पानी. ह्या येड्याकडं चावी दिली तर?" आणि मला म्हणाले, "पन खारट कसं झालं ते सांग आदी."

"ठावं न्हाई."

"दुसऱ्या कुनाचं नाव बी घेत न्हाई बग. सोमवारी ये. आन् ती बरणी उचल हितनं, मुंग्या लागतील."

परतीच्या गाडीत मला आनंद व्हायला हवा होता. पण खारट कसं झालं, हे डोक्यात घण घातल्यासारखं वाजत होतं. घरी पोचलो तेव्हा आई चुलीपुढं होती, हातांना खडीचे ओरखडे. मी सांगितलं, नोकरी लागली. मेसच्या भांडारात. भांडार कसलं ते सांगितलं नाही. तिनं हात जोडले आणि मग बरणीकडं बघून हसली.

"सायबाला आवडलं न्हवं? मला ठावं हुतंच. तुला सांगते आता, तुजं लोनचं आंबलं हुतं. दादरा सोडला तर आसा भपकारा आला, माज्या डोळ्यांत पानी! बगते तर मिठाचा कन न्हाई. बाप्याला काय कळतंय. दोन मुठी मीठ घातलं, हालवलं आन् गुमान बांधून ठेवलं. तुला बोलले आसते तर तू रुसला आसतास."

आईनं दारूचा वास जन्मात घेतलेला नव्हता. मीठ कमी पडून आंबलेलं लोणचं मात्र तिच्या नाकाला चांगलं ठाऊक होतं, आणि ते सावरायचं कसं हेही.

"मी चाखलं न्हाई हां आजून," ती म्हणाली. "देवाला दावल्याबिगर कसं चाखायचं? आज दावू." मी काही बोलायच्या आत तिनं वाटीत चार साली काढल्या, पांडुरंगाच्या तसबिरीपुढं ठेवल्या, पाणी फिरवलं आणि घंटी वाजवली. पांडुरंगानं काही तक्रार केली नाही. मग तिनं माझ्यापुढं ताट ठेवलं, मिलोची भाकरी, आणि तिच्यावर एक साल. दुसरी साल तिनं आपल्या भाकरीवर घेतली आणि तुकडा मोडला.

खरं सांगावं तर तिच्या माहेरच्या बरणीत काय होतं आणि तिनं देवापुढं काय ठेवलं, हे तिला कळणार. ती पुन्हा त्या तसबिरीसमोर उभी राहिली नसती, मी ओळखत होतो तिला. गप्प बसावं तर तिची माळ जाणार.

"आई, थांब," मी म्हणालो, आणि माझ्या ताटातली साल तोंडात टाकून चावली. खारट, गोड, कडू, आणि कानापर्यंत पोचणारी एक ऊब. "लई झ्याक झालंय. हे समदं मला दे. तिथं तुज्या हातचं मला काय मिळनार हाय?"

तिचा हात ताटावरच थांबला. कित्येक महिने तिनं मीठ-मिरचीवर काढले होते. मग तिनं आपल्या भाकरीवरची साल उचलून बरणीत टाकली, वाटीतल्या देवाच्याही टाकल्या, बोटं राखेनं घासून धुतली आणि दादऱ्याला दोन गाठी मारल्या.

"ने बाबा, समदंच ने. आमाला हाय की मीठ."

सोमवारी फाट्यावर उभा राहिलो तेव्हा ओतून टाकावं असं मनात आलं होतं. पण दुष्काळात आईनं तोंडातला घास काढून दिलेलं, ते कसं ओतणार? बाटल्यांच्या खोलीत कमरेला चावी लावून मी बसायचो, भोवती देशोदेशीच्या बाटल्या, आणि जेवताना पोळीबरोबर एकेक साल खायचो, संपेपर्यंत. पुढं सगळी नोकरी त्याच खोलीत झाली. अजून लोक विचारतात, इतकी वर्षं बाटल्यांत काढलीस, एकदाही चाखली नाहीस? नातू तर फार खोदून विचारतो. मी सांगतो, एकदाही नाही. आईच्या हातचं लोणचं तेवढं खाल्लं. त्याला दुसरं काही म्हणायचं असेल त्यानं खुशाल म्हणावं, मी लोणचंच म्हणतो.

पाऊस होऊन विहिरीवरचं इंजिन पुन्हा टुकटुकायला लागलं, तेव्हा रजा काढून मी रिकामी बरणी परत घेऊन गेलो. आईनं ती उजेडात नेली, आत नाक घालून वास घेतला आणि समाधानानं मान हलवली.

"बग, आता हाय का वास? तू उगाच घाबरला हुतास नोकरीला. मीठ येळंवर पडलं म्हनून निभावलं."

मी व्हय म्हणालो.